जाळीतली वाळू

माडवाडी, ता. मालवण
३ एप्रिल २०२५

चि. गौरजास अनेक आशीर्वाद.

फोनवर मला नीट ऐकू येत नाही आणि तू भरभर बोलतेस, म्हणून पत्र. आपल्या शाळेचा छज्जा पडला. खाली पोरांचा भात शिजवणारी रुक्मिणी टोप घासत होती. तिचा खांदा मोडला.

पंचायत म्हणते, सगळी इमारत पाडून पत्र्याची बांधू. वैशाखात त्या पत्र्याखाली बसून दाखवा म्हणावं! मी तिथं एकतीस वर्षं पंख्याशिवाय शिकवलं. पश्चिमेच्या सिमेंटच्या जाळीतून वारा यायचा, दोन छपरांमधल्या पोकळीतून उष्मा बाहेरच्या बाहेर जायचा. तू आर्किटेक्ट झालीस ती काय फक्त पुणेकरांसाठी? ये आणि इमारत धड आहे म्हणून लिहून दे. सोलकढी करून ठेवते.

वाट पाहणारी,
सुनीतीआत्या


पुणे
२४ एप्रिल २०२५

ती. आत्येस सा. न.

सोलकढीची चव अजून जिभेवर आहे, म्हणून हे लिहिणं जड जातंय. भिंती आणि दोन्ही छपरं ठणठणीत आहेत. पण जाळी आणि छज्जे काढावेच लागतील. तपासणीत त्यांच्यात अगदी गाभ्यापर्यंत मीठ निघालं, छपरांत मात्र नाही; म्हणजे ते समुद्राच्या वाऱ्यानं आलेलं नाही. सळया गंजून फुगल्या आणि काँक्रीट फुटलं.

सरपंच गुरुप्रसाददादा मला म्हणाले, की समुद्राकाठी असली जाळीची इमारत टिकायचीच नाही. पण १९६४ च्या मूळ नकाशावर नदीची वाळू असं स्पष्ट लिहिलंय. बांधकाम आजोबांनी केलं होतं ना? वाळू कुठून आणली, तुला आठवतं का? कारण कळलं नाही तर दुरुस्तीवर कोणाचा विश्वास बसणार नाही.

रागावलीस तरी उत्तर टाक.
तुझी गौरजा


माडवाडी
९ मे २०२५

चि. गौरजास आशीर्वाद.

रागावले होते, पण तुझ्यावर नाही.

मी दहा वर्षांची होते. छपरं नदीच्या वाळूत झाली. मग पाऊस जवळ आला, वाळूच्या होड्या बंद झाल्या. शाळा जूनमध्ये उघडेल असा बाबांनी शब्द दिला होता. त्यांनी आपल्या किनाऱ्यावरची वाळू बैलगाड्यांतून आणली. पावसात मीठ धुऊन जाईल, असं ते आईला म्हणाले. मी गाडीत वाळूवर बसून आले. मजा वाटली.

पुढं मी तिथंच विज्ञान शिकवलं आणि सगळं समजलं. मुख्याध्यापिका झाल्यावर छज्ज्यावर तांबूस डाग दिसले, की मी चुना मारून घ्यायची. दर वर्षी. बाबांचं नाव जपत होते. तुझ्या वडिलांनाही हे ठाऊक नाही.

पुढच्या रविवारी, १८ तारखेला, ग्रामसभा आहे.

आत्या


पुणे
१३ मे २०२५

ती. आत्येस सा. न.

अहवालात मी ‘खारी वाळू’ इतकंच लिहिलंय. आजोबांचं नाव घालायची गरज नाही, तुझं तर नाहीच. बाकी काय बोलायचं ते तू ठरव. मी काहीही झालं तरी तुझ्या बाजूला आहे.

तुझीच,
गौरजा


माडवाडी
२० मे २०२५

चि. गौरजास आशीर्वाद.

मी उभी राहून सगळं सांगितलं, वाळूचंही आणि चुन्याचंही.

रुक्मिणी हात गळ्यात बांधून पुढंच बसली होती. ती म्हणाली, की बाईनू, वाळू तुमच्या बापाशीन हाडल्यान, तेवा तुमी ल्हान चेडू होतास. पण चुनो तुमी मारल्यात. तां मी इसरूचंय नाय. मग सरपंचांकडे वळून म्हणाली, की माझी नातवंडां पत्र्याखाली बसूची नायत, नदीची वाळू हाडा.

तसंच ठरलं. भिंती आणि छपरं राहणार, जाळी आणि छज्जे तुझ्या देखरेखीखाली नवे होणार. तोवर पोरं देवळाच्या मंडपात बसतील.

काल रुक्मिणीच्या घरी गेले. तिनं चहा विचारला नाही, पण बसा म्हणाली. बसले.

आहे तसाच जीव लावत राहा.
आत्या