आमच्या घरात न घेतलं जाणारं नाव

जव्हार, २ मार्च १९११, गुरुवार

पुन्हा रडते आहे! बारशाला आज नऊ दिवस झाले. पाळण्यात घातली, कानात नाव सांगितलं, आणि तेव्हापासून जी सुरू झाली आहे ती थांबत नाही.

नाव मी निवडलं — सौदामिनी. आठवडाभर कोश घेऊन बसलो होतो. आधीची दोन मुलं तीन-तीन महिन्यांत गेली. त्यांची नावं वडिलांनी ठेवली होती. वडील गेल्या वर्षी वारले. या खेपेला म्हटलं, विजेसारखं लखलखीत नाव हवं. जुनं काही नको.

गौराबाई — साखरशेतची सुईण, हिचं बाळंतपण तिनंच केलं — पोरीला तेल लावता लावता म्हणाली, "नाव चुकला, मास्तर. माझा नाव ह्यो नाय, असा सांगते पोर."

मी म्हटलं, बाई, तुम्ही तेल लावा.

४ मार्च, शनिवार

खानेसुमारी शेवटी शाळामास्तरांच्याच गळ्यात! दिवसभर साखरशेतात घरं मोजली. नावं लिहून हात दुखला, पण मजा आली. सोमवारी जन्मला तो सोम्या. फाल्गुनातला तो फागू. नवसाची ती नवशी. लाडक्या साठीचा, तोंडात एक दात नाही! यांना कोश लागत नाही. वार आणि महिना ठाऊक असला की झालं.

"नवऱ्याचं नाव?" म्हटलं की बाई शेजारणीकडं बघते आणि शेजारीण सांगते. आधी हसलो. मग आठवलं, ही तरी माझं नाव कुठं घेते? आणि हिचं स्वतःचं? माहेरची चंद्रा. लग्नात ताटातल्या तांदळात अंगठीनं मी 'सुमती' लिहिलं. कुणी विचारलं होतं तिला?

परतताना दारूचे मक्तेदार बेहरामजी भेटले. "बेहराम म्हणजे फत्ते, मास्तर! आमच्यात आजाचं नाव नातवाला. शोधायचं कामच नाही."

घरी आलो तर रडणं कोपऱ्यावरच ऐकू आलं.

७ मार्च, मंगळवार

दूध ओढत नाही. दवाखान्यातल्या पुड्या दिल्या, घुटी दिली. हातावर घेतली तर वजन लागत नाही. मला हे ठाऊक आहे. दोनदा पाहिलं आहे.

ही म्हणाली, "गौराबाई म्हणते तो नाव शोधणारा भगत आणू द्या ना. तुमच्या कोशानं काय झालं?"

चिडलो. शाळेत जाऊन मुलांवर ओरडलो. उगाच!

८ मार्च

आणा म्हटलं.

९ मार्च, गुरुवार

सावळा भगत सकाळी आला. हाडकुळा, विडी मागणारा माणूस. साखरशेताच्या या लोकांत म्हणतात, घरातलं गेलेलं माणूसच पोराच्या रूपानं परत येतं, आणि त्याचं नाव सापडेपर्यंत पोर रडतं. सावळा सुपात तांदूळ घेऊन बसला. एकेका गेलेल्याचं नाव घ्यायचं, चिमूटभर दाणे उचलायचे, जोड्या लावायच्या. तीनदा सगळे जोडीनं आले तर नाव खरं. एक जरी उरला तरी खोटं.

आजोबा — एक उरला. आजी — उरला. वडील, आई, दोन्ही आत्या. मग हिनं खाली मान घालून आमच्या दोन्ही बाळांची नावं घेतली. तरीही एक उरला.

"आजून कोण मेला हाय?"

"संपले."

"नाय संपले," सुपातून मान वर न करता सावळा म्हणाला.

ही माझ्याकडं बघायला लागली. पोरीचा आवाज बसून नुसती कापरी उचकी येत होती. मी म्हटलं — येसू.

तीनदा जोडी! एकही दाणा उरला नाही. गौराबाईनं पोरीच्या कानात नाव सांगितलं आणि पोर गप्प झाली. मी शिकलेला माणूस आहे, मी हे लिहितो आहे. गप्प झाली.

"येसू कोण?" हिनं विचारलं.

येसूअक्का. माझी थोरली बहीण. यशोदा, पण घरात येसू. अकराव्या वर्षी विधवा झाली. विसाव्या वर्षी जातीबाहेरच्या एका शिक्षकाशी लग्न करायला गेली. पळाली नाही, सांगून गेली! वडिलांनी घट फोडला, अंघोळ केली, जिवंतपणी तिला तिलांजली दिली. मी चौदा वर्षांचा होतो. त्यानंतर तिचं नाव कुणी घेतलं नाही. पितृपक्षात वडील ओठांतल्या ओठांत घेऊन पाणी सोडायचे. गेल्या वर्षी मीही सोडलं. कुणी बळजबरी केली नव्हती.

ही उठली. पोरीला घेऊन आत गेली.

११ मार्च, शनिवार

दोन दिवस पोर पोटभर पिते आहे. मी पेढे वाटायला हवेत.

पण अक्का मेली आहे का? बारा वर्षांत मी कधी चौकशी केली नाही. गौराबाईला सहज विचारल्यासारखं विचारलं, जित्या माणसाचं नाव पोराला दिलं तर? तिनं तेलाची वाटीच खाली ठेवली. "तसा कोन देतो? एका नावात दोन जीव नाय मावत, मास्तर. एकाला जावा लागते."

असल्या गोष्टी मी मानत नाही. नाही मानत!

१३ मार्च, सोमवार

नाशिकला मामांना कार्ड टाकलं. एकच ओळ — येसू आहे की नाही? असल्यास जव्हारास ये म्हणावं.

टाकल्यावर पस्तावलो. नाही म्हणून उत्तर आलं, तर पाणी सोडून, नाव देऊन तिला मीच नेलं. आहे म्हणून आलं, तर पाळण्यात बघायचं कसं?

३० मार्च

उत्तर नाही. पोर हसायला लागली. कपाळ तापलेलं वाटतं म्हणून दिवसातून दहादा हात लावून बघतो. ही म्हणते, "तुमचाच हात तापलाय."

१६ एप्रिल, रविवार

खोडाळ्याकडून आलेली बैलगाडी दारात थांबली. एक बाई उतरली. केसांत पांढरं, हातात बोचकं. मी ओसरीवर होतो.

आत पोर कुरकुरली. ही स्वयंपाकघरातून ओरडली, "थांब गं येसू, आले!"

अंगणात अक्का जागच्या जागी थांबली. म्हणाली, "बाळ्या, या घरात माझं नाव कोण घेतंय रे?"