राहून गेलेली पिल्लं

४ मार्च

चि. सौ. ठमीस,
अनेक आशीर्वाद. वि. वि. फोन सोडून पत्र का, असं विचारशील. फोनवर बोलायला लागले की हे शेजारच्या खोलीत कान टवकारतात, म्हणून.

तुझ्या भावोजींनी आयुष्यभर नकाशे काढले. आता निवृत्त झाल्यावर कॉम्प्युटरवरचे गेम बनवायचा क्लास लावलाय. नवशिक्यांचा. वर्गातली बाकीची मुलं नातवंडं शोभतील. खपून खपून एक बदकीण बनवली, तर ती पहिल्याच पावलाला जमिनीतून आरपार खाली गेली. जमीन घट्ट आहे हे कॉम्प्युटरला वेगळं सांगावं लागतं म्हणे! इथवर मी हसले. आता ती बदकीण पिल्लं गोळा करत घरी जाते.

पण हल्ली हे मला खुर्चीत बसवतात, खेळ म्हणतात आणि मागे उभे राहतात. एक अक्षर बोलत नाहीत. नुसते बघतात. काय बघता विचारलं तर म्हणे, काही नाही, तू खेळ. ठमे, कुठेतरी पाणी मुरतंय. आपली आई शेवटी माणसं विसरायला लागली होती, हे ह्यांना ठाऊक आहे. माझीही तीच परीक्षा चाललीय, असा मला दाट संशय आहे. बाईचं डोकं चालेना असं ठरलं की पहिली जाईल ती गाडी. अर्ध्या गावाला मी गाडी शिकवली. तीच गेली तर घरात बसून करू काय?

मुलांना पापा. तुझ्या उत्तराकडे डोळे लावून बसलेली,
ताई

११ मार्च

ती. सौ. ताईस,
सा. न. वि. वि. पत्र वाचून आधी पोट धरून हसले. बदकांवरून नवऱ्यावर संशय घेणारी बायको जगात तूच! नवशिका माणूस आपला गेम कुणाला तरी खेळायला लावणारच, आणि तुझ्याशिवाय त्यांचं ऐकतो कोण?

पण खोटं कशाला बोलू, काल भावोजींचा फोन आला होता. आडून आडून विचारत होते, ताई लहानपणी दारांना धडकायची का, तुमच्या घरात कुणाला काही आजार होता का. वर म्हणाले, तिला सांगू नका. मी सांगतेय, कारण आधी तू माझी बहीण, मग ते भावोजी. जरा जपून राहा.

रागावलीस तरी माया कमी करू नये,
ठमी

१५ मार्च

चि. सौ. ठमीस,
आशीर्वाद. बघ, म्हटलं नव्हतं? परवा ह्यांनी शेजारच्या दातांच्या डॉक्टरबाईंना तोच गेम खेळायला लावला. त्यांनी सगळी पिल्लं घरी नेली. माझी निम्मी राहिली. हे माझ्याकडे बघून नुसतं "बरं" म्हणाले. म्हणजे आता साक्षीदारही जमवले!

काल तर कहर झाला. आमच्या ड्रायव्हिंग स्कूलच्या दारात उभं राहून माझ्याकडे शिकणाऱ्या मुलीला विचारत होते, गाडी खांबाला घासली ती कशी. कशी म्हणजे? तिने घासली. मी शेजारी बसले होते. दिसलं असतं तर ब्रेक दाबला नसता का? ती मुलगी म्हणे रडली, म्हणाली, मला वाटलं बाई सांगतील.

गाडीची किल्ली मी आता कमरेला ठेवते. मागायची हिंमत करू देत.
ताई

१८ मार्च

मेव्हणीबाईंना,
स. न. वि. वि. तुम्ही ताईला सगळं सांगितलंत, हे तिच्या भांडी आपटण्यावरून कळलं. राग नाही. पण आता माझंही ऐका.

आमच्या क्लासच्या बाईंनी नियम घालून दिलाय. खेळणाऱ्याला काही सांगायचं नाही, मागे उभं राहून बघायचं, आणि तो चुकला तर चूक गेमची मानायची. मीही तेच मानलं. तिची पिल्लं राहिली की वाटायचं, माझीच चित्रं फिकी. म्हणून मोठी केली, लालभडक केली, तरी राहिलीच. मग सगळा नकाशा आरशात दिसावा तसा उलटा केला. आधी राहायची ती पिल्लं तिने पटापट उचलली, आणि आधी उचललेली राहिली.

तिला डावीकडचं दिसत नाही हो. डोकं तिचं माझ्यापेक्षा ठणठणीत आहे. पण ती रोज माणसं घेऊन रस्त्यावर जाते आणि मी घरी जीव मुठीत धरून बसतो. मी बोललो तर तिला ती गाडी काढून घ्यायची युक्ती वाटेल. तुम्ही या. तिला डॉक्टरकडे जायला तयार करा.

आपला,
बदकवाला

२९ मार्च

चि. सौ. ठमीस,
आशीर्वाद. तू येऊन वचन घेऊन गेलीस, म्हणून काल गेले. ह्यांनी डॉक्टरला आधीच पढवून ठेवलं असणार, हा संशय तिथल्या बाकावर बसेपर्यंत डोक्यात होता.

डॉक्टर समोर बसले. म्हणाले, माझ्या नाकाकडे बघत राहा, बाजूला बोट हललं की सांगा. मी बसले वाट बघत. शेवटी विचारलं, "सुरू कधी करताय?"

ते म्हणाले, "बाई, मी केव्हाचा हलवतोय."

मग मेंदूचा फोटो काढला. कधीतरी एक बारीक रक्तवाहिनी बंद पडली होती, मला पत्ताही नव्हता. गेलेली नजर बहुधा परत येत नाही. गोळ्यांनी पुढचा झटका टाळता येईल, हे वेळेत सापडलं म्हणून. गाडी मात्र बंद. स्कूलच्या मालकांना फोन मीच केला, ह्यांना करू दिला नाही. वाईट वाटतंय गं, फार वाटतंय. ह्यांच्यावर रागावता येत नाही, त्याचाच जास्त राग येतो.

दवाखान्यातून निघताना किल्ली मीच ह्यांच्या हातात दिली. चढावर ह्यांनी गिअर बदललाच नाही, गाडी आचके द्यायला लागली, आणि माझा पाय आपोआप माझ्या बाजूच्या ब्रेककडे गेला. तो स्कूलच्या गाडीत असतो. आमच्या घरच्या गाडीत तिथे काही नाही. तरी घर येईपर्यंत मी पाय तसाच दाबून बसले होते.

तुझी,
ताई