मेकअपचा डबा

क्लेमेंटी, १४ मार्च २०१७, मंगळवार संध्याकाळ

प्रबंधाचं आज एक पानही झालं नाही. एका जर्मन नटाच्या मुलीने लिहिलेली आठवण वाचली आणि तिथेच अडकले. मूकपटांत हा माणूस कायम दरवान, नाहीतर कारकून. नाझी आले आणि ज्यू म्हणून स्टुडिओने त्याला काढून टाकलं. घरी बोलला नाही. रोज सकाळी मेकअपचा डबा घेऊन 'शूटिंगला' निघायचा आणि दिवसभर बागेत बसायचा. डब्यातले रंग वाळून तडकले होते म्हणे.

मग सुहास ऑफिसातून आला. त्याचा डबा घासायला उघडला, तर आत लाल मुंग्या आणि झाकणाला गवताची काडी. चांगीच्या ऑफिसात, आठव्या मजल्यावरच्या एसीत, मुंग्या?

"डब्यात मुंग्या होत्या रे."

"पॅन्ट्रीत झाल्यात," मोबाईलमधून डोकं वर न काढता तो म्हणाला.

पॅन्ट्रीत गवतही उगवलंय का? हे विचारलं नाही. का नाही विचारलं? नवऱ्याची नोकरी गेली तर इथे राहायचा पास जाणार आणि आम्हालाही देश सोडून जावं लागणार, म्हणून? की तो नटच माझ्या डोक्यात बसलाय? पण मुंग्या खऱ्या होत्या.

तेवढ्यात सुहासच म्हणाला, "उद्या डबा जरा जास्त दे. मीटिंग लांबेल."

नटाच्या बायकोला ठाऊक होतं का, हे मुलीने लिहिलेलं नाही. ती रोज तो डबा पुसून दाराशी ठेवायची, एवढंच.

चवळी भिजत घातली. एक मूठ जास्तच.