बोलता माग व इतर चीजवस्तू

मी, अनंत दिगंबर खांबेटे, वय वर्षे ८१, पूर्वी मुद्रितशोधक, आता काही नाही, राहणार नारायण पेठ, पुणे, हे मृत्युपत्र कोणाच्याही दडपणाखाली न येता आणि बुद्धी शाबूत असताना लिहून ठेवतो. बुद्धीबद्दल डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. शरीराबद्दल त्यांनी काही लिहिले नाही, मीही लिहीत नाही. थकलो आहे, एवढे पुरे.

माझी पत्नी सुनीती अकरा वर्षांपूर्वी वारली. मला एक मुलगी, हेमा, राहणार खराडी. आणि एक थोरली बहीण, उल्का, वय ८७, अविवाहित, पहिल्यापासून माझ्याच घरात. तिला मी ताई म्हणतो व पुढे तसेच लिहीन.

१. राहती जागा, दुसरा मजला, लिफ्ट नाही. ती माझ्या पश्चात हेमाची. मात्र ताई हयात असेपर्यंत जागा विकू नये, आणि 'तिकडे सगळ्या सोयी आहेत' असे सांगून ताईला खराडीला हलवू नये. तिचे डोळे गेले आहेत. येथे ती भिंतीला हात लावून स्वयंपाकघरापर्यंत न चुकता जाते. त्या वयात सोयींपेक्षा ओळखीच्या भिंती लागतात.

२. बँकेतील ठेव दोघींना निम्मी निम्मी. सुनीतीचे शिवणयंत्र शालूला द्यावे. शालू रोज कात्रजहून येते व ताईचे सगळे करते. ती यंत्र मागणार नाही, म्हणून येथे लिहिले.

३. सोसायटीचे सचिव श्री. माधव परचुरे यांनी फलकावर लावलेल्या सूचना मी वीस वर्षे लाल शाईने तपासून परत लावत आलो. त्यांना ते आवडले नाही. उरलेली शाईची बाटली त्यांना द्यावी असे मनात होते, परंतु ते या कागदावर साक्षीदार आहेत, आणि साक्षीदाराला काही देऊ नये असे वकीलबाई नीरजा म्हणतात. तेव्हा बाटली राहू द्या.

४. बोलता माग. ही वस्तू स्थावर नाही, जंगम नाही, मुळात नाहीच. तरीही तिची व्यवस्था लावणे भाग आहे, कारण हेमाच्या ओळखीच्या एका कंपनीला तिच्यावर मोबाइलमधला खेळ काढायचा आहे, आणि हेमा तीनदा विचारून गेली, "बाबा, राइट्स नक्की कोणाकडे आहेत?" तोंडी उत्तर देणे मला जमले नाही. लेखी देतो.

१९७१ पासून अठरा वर्षे मुलांच्या एका मासिकात मी लोकरकोट नावाच्या देशाच्या गोष्टी लिहिल्या. त्या देशात एक माग आहे. त्याच्यासमोर बसून जे सांगावे त्याचे कापड विणले जाते. नदी सांगितली की निळे कापड निघते. ते जमिनीवर अंथरले की पाणी वाहू लागते. मला जे काही नाव मिळाले ते या मागामुळे मिळाले.

हा माग माझा नाही. १९४८ साली, मी दहा वर्षांचा असताना, मला विषमज्वर झाला. एकवीस दिवस अंथरुणावर होतो. ताई सोळा वर्षांची. शाळा बुडवून उशाशी बसे. लोकरकोट तिने तेव्हा मला सांगितला. तिच्या मागाला पायाने दाबायची पावडी नव्हती, तो ऐकणाऱ्याच्या हुंकारावर चाले. आमच्या घरात गोष्ट ऐकणाऱ्याने मध्ये मध्ये 'हं' म्हणायचेच असा नेम होता. हुंकार थांबला की सांगणारा थांबे. मागाचेही तसेच. 'हं' थांबले की धागा तुटे. मला त्या दिवसांतले एवढेच अंधुक आठवते, ताप आणि ते 'हं'.

तेवीस वर्षांनी मी तो माग माझ्या नावावर छापला. संपादक श्यामसुंदरराव म्हणाले, "अहो, हं म्हटल्यावर माग चालतो हे मुलांना काय कळणार? एखादं माणिक बसवा त्यात." मी बसवले. श्यामसुंदररावांबद्दल माझी तक्रार एवढीच की त्यांचे म्हणणे खरे ठरले. अंक हातोहात खपले.

ताईने पहिला अंक वाचून मिटला आणि म्हणाली, "माणकावर चालतो होय? मग ऐकणाऱ्यानं काय करायचं?" यात सगळे आले असे मी समजलो. त्यानंतर अठ्ठेचाळीस वर्षे आम्ही एका घरात राहिलो आणि दूध, गॅस, औषधे यांपुरतेच बोललो. तिच्या खोलीत मी कामापुरता जातो.

आता ती रोज दुपारी शालूला लोकरकोटच्या गोष्टी सांगते. माझ्याच, ओळीन् ओळ, माणिक तेवढे वगळून. शालू तांदूळ निवडता निवडता, "हं... मंग फुडं काय झालं, आजी?" असे विचारत असते. मी बाहेरच्या खोलीत वर्तमानपत्र धरून बसतो. वाचत नाही.

सबब जाहीर करतो की बोलता माग, लोकरकोट देश आणि तेथील यच्चयावत माणसे ताईची आहेत व पहिल्यापासून होती. मी ती चोरली. ताईच्या पश्चात ती हेमाकडे जावीत. खेळ काढायचा तर काढावा. माणिक काढून टाकावे.

५. माझे दिवसकार्य करू नये. वर्तमानपत्रात फोटो देऊ नये. द्यायचाच तर खालचा मजकूर आधी कोणाकडून तरी तपासून घ्यावा.

सही करण्यापूर्वी स्वतःच्या हाताने लिहिलेली पुस्ती:

वरील सर्व आज सकाळी ताईला वाचून दाखवले. तिच्या खोलीत, तिच्या पलंगावर बसून. कलम ४ तिने शेवटपर्यंत ऐकले. मग म्हणाली, "अनू, माग तुझाच की रे. तापात तूच बडबडत होतास दिवसभर. नद्या काय, डोंगर काय. तू गप्प झालास की आई घाबरायची. म्हणून मी आपली हं हं करत होते."

मी म्हटले, "मग माणकाचं का बोललीस?"

"हुंकार माझा होता ना. तेवढाच तू काढलास."

"इतकी वर्षं सांगितलं का नाहीस?"

"तू विचारलंस कधी?"

वकीलबाई म्हणतात, कलम ४ बदलावे लागेल, पुन्हा टाइप करू. मी नको म्हटले. ताई सांगते ते खरे, की जुन्या सवयीने ती माझी समजूत काढते आहे, हे आता ठरवता येणार नाही. विचारायला आई नाही. माग कोणाचाही असो. तो चोरला असे धरून मी अठ्ठेचाळीस वर्षे माझ्या बहिणीशी बोललो नाही. तेवढी चोरी तर झालीच आहे, म्हणून कलम ४ आहे तसेच राहील.

(सही) अनंत दिगंबर खांबेटे

वरील सही लिहून देणाऱ्यांनी आम्हां दोघांच्या समक्ष, पूर्ण शुद्धीत, चष्मा लावून व मजकूर दोनदा तपासून केली.

साक्षीदार:
१. माधव गोविंद परचुरे, सचिव (सही)
२. डॉ. विजयमाला संपत जगताप (सही)

स्थळ: नारायण पेठ, पुणे
दिनांक: १९ जून २०१९