शिखाच्या लग्नाची साफ कॉपी

इंदूर, ७ जानेवारी २००२

चि. सौ. इंदिरा हिस अनेक आशीर्वाद. वि. वि.

तुझ्या यशवर्धनने पाठवलेली शिखाच्या लग्नाची सीडी पोचली. तुझ्या वहिनीने टीव्हीसमोर सतरंजी अंथरली, शेजारणींना बोलावलं, मशीन सुरू केलं. पडद्यावर उमटलं, 'नो डिस्क'. मी काढून पाहिली, पुसून पुन्हा घातली, तरी तेच. डिस्क पोटात आहे आणि मशीन नाही म्हणतंय! बाजार खुला झाला, आमच्या मिलला कुलूप लागलं, आणि बदल्यात देशाला हे आंधळं खोकं मिळालं.

लग्नाला आलो नाही, ताप होता, हे मागेच कळवलं आहे. पुन्हा विचारू नकोस. तसंही, ज्या गृहस्थाने मिलच्या फाटकावर बंदची नोटीस स्वतःच्या हाताने डकवली, त्याच्या मुलाला तू जावई करून घेतलंस. त्या व्याह्यांना हात जोडायला मी भोपाळपर्यंत कशाला येऊ?

आशीर्वाद आहेतच, ते मागावे लागत नाहीत.

जयसिंगराव

भोपाळ, १५ जानेवारी २००२

ती. दादांस शि. सा. न. वि. वि.

मशीनला शिव्या देऊ नका. यश म्हणतो, मामांचं मशीन फक्त व्हीसीडी वाचतं. व्हीसीडीचं चित्र लहान. ते टीव्हीभर ताणलं की चेहऱ्यांचे चौकोनी तुकडे होतात, नवरा कोण आणि बँडवाला कोण तेही कळत नाही. म्हणून त्याने कौतुकाने तुमच्या सीडीवर कॉम्प्युटरची मोठी, साफ चित्राची फाइल भरली. एखाद्या कॉम्प्युटरवाल्याकडून फॉर्मेट बदलून घ्या, म्हणजे लागेल.

तापाचं मी मानलं, दादा. शिखा मानत नाही. मुलीच्या मामाला आणा असा पुकारा झाला आणि नवरीमागे तुमच्या जागी माझ्या दिरांना, संताजीरावांना, उभं करावं लागलं. तेव्हापासून ती तुमचं नाव घेऊ देत नाही. इंदूरच्या घराची पायरी चढणार नाही म्हणते. नोटीस डकवणारे व्याहीही त्याच मिलमधून घरी बसले आहेत. बरं, त्यांच्यावर राग असो. पोरीने तुमचं काय केलं?

माया पातळ होऊ देऊ नये, ही विनंती.

इंदिरा

इंदूर, २२ जानेवारी २००२

चि. सौ. इंदिरा हिस आशीर्वाद. वि. वि.

गेलो कॉम्प्युटरवाल्याकडे. म्हटलं, भिया, इसको फॉर्मेट कर दो. त्याने विचारलं, अंकलजी, पक्का? मी म्हटलं, एकदम पक्का. त्याने सीडी कोरी करून हातात दिली. यांच्या भाषेत फॉर्मेट करणं म्हणजे पुसून टाकणं! आणि सीडीसुद्धा पाटीसारखी पुसता येणारी निघाली. तुझ्या चिरंजीवाचं 'फॉर्मेट बदला' मी 'फॉर्मेट करा' केलं, एवढाच माझा गुन्हा. आमच्या विणकर खात्यात धागा तुटला तर जोडत असत, थान जाळत नसत.

तेव्हा लग्न पाहायचं राहिलं ते राहिलं. बरंच झालं. दुसरी कॉपी पाठवू नकोस.

थंडीत जपून असा.

जयसिंगराव

भोपाळ, २९ जानेवारी २००२

ती. दादांस शि. सा. न. वि. वि.

तुमचा पराक्रम ऐकून यश पोट धरून हसला. मूळ फाइल आमच्या कॉम्प्युटरवर आहे, घोर नसावा.

रविवारी शिखा माहेरी आली होती, तेव्हा पहिल्यांदाच ती फाइल नीट पाहिली. मंगलाष्टकं चालू असताना मांडवाच्या फाटकाशी, बँडवाल्यांच्या मागे, कोणी उभं आहे. आमच्या व्हीसीडीवर तिथे नुसता काळा डाग दिसायचा. यशने चित्र थांबवून मोठं केलं. तोंडाभोवती मफलर, हात पाठीमागे बांधलेले, आणि डाव्या भुवईत व्रण. मागावरचा धोटा उडून तुम्हाला लागला होता ना, अगदी तिथेच. शिखा उठून आत निघून गेली.

दादा, तो ताप भोपाळात येऊन उतरला होता का? खरं काय ते कळवा. तिला उत्तर द्यायचं आहे.

राग धरा, पण पत्र धाडा.

इंदिरा

इंदूर, ४ फेब्रुवारी २००२

चि. सौ. इंदिरा हिस आशीर्वाद. वि. वि.

तो माणूस मी नाही. भोपाळात थंडी असते, मफलर सगळेच गुंडाळतात. धोटा लागलेल्या भुवया इंदुरात गल्लोगल्ली सापडतील. मिली बंद झाल्या म्हणून व्रण काही जात नाहीत. मी घरी गोधडीखाली होतो. यशला सांग, चित्रं फुगवून म्हाताऱ्यांना पकडण्यापेक्षा एखादी नोकरी पकड.

आणि मला जाब विचारण्याआधी तुझ्या दिरांना विचार. मामाच्या जागी उभं राहणं म्हणजे खांबासारखं उभं राहणं नव्हे. पोरीची मुंडावळी डावीकडून सुटून डोळ्यावर आली होती. तिचे दोन्ही हात हारात अडकलेले. मान वाकडी करून ती मागे बघत राहिली, आणि हे आपले अक्षता टाकण्यात दंग. मला फाटकापासून दिसलं, आणि त्यांना हातभर अंतरावरून दिसू नये?

तुझा दादा