खोडलेली अट

मी, संघपाल रामाजी मेश्राम, वय शहात्तर, तत्त्वज्ञानाचा निवृत्त प्राध्यापक, राहणार लकडगंज, नागपूर, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीवर लिहीत आहे. कोणाचेही दडपण नाही. धाकटी बहीण वंदना तेवढी समोर डोळे वटारून बसली आहे.

१. स्कूटर वंदनाचा मुलगा पियुष याला. ब्रेक लागतात असे गृहीत धरू नये.

२. 'जर-तर'च्या वाक्यांवरचे माझे अपुरे हस्तलिखित मित्र चंपतराव यांना. 'जर'चा भाग खोटा निघाला की अख्खे वाक्य आपोआप खरे, असे ते तर्री-पोहे खाताखाता जन्मभर मला सांगत आले. मला ते कधीच पटले नाही. आता त्यांनी समासात खुशाल 'चूक' लिहावे, उत्तर द्यायला मी नसेन. दोन हजारांहून अधिक वर्षांपूर्वी ग्रीसमध्ये माणसे याच प्रश्नावर हमरीतुमरीवर येत होती, आणि आपल्याकडे भिक्खू कशामुळे काय घडते याची साखळी उकलत होते. एवढ्याशा शब्दाला माणसांनी इतका जीव लावला, याने आजही माझ्या अंगावर काटा येतो.

३. मोठा इंग्रजी शब्दकोश मुलगी पायल हिला. माझे वडील खापा गावात हातमागावर कापड विणत. म्हणाले होते, "मॅट्रिकले पहिला वर्ग आला तं शब्दकोश घेऊन देईन." मी गणितात नापास झालो. संध्याकाळी ते शब्दकोश काखेत घेऊन आले.

"बाबा, मी तं नापास झालो."

"मले मालूम आहे. घे."

अट पुरी झाली नाही, तरी वस्तू हातात आली. हे कशात बसवायचे ते मी सगळ्या प्राचीनांकडे शोधले. कोणाकडेच सापडले नाही. त्या संध्याकाळपुढे मी अजून हात जोडून उभा आहे.

४. राहते घर. पायल कॅनडात रमली आहे. वंदना म्हणते, "पोरगी वापस आली तं दे. नाही आली तं काहून देतं गा, दादा?" म्हणून वकिलांनी लिहिले होते: पायल नागपुरी परतल्यास घर तिचे, अन्यथा पियुषचे. ती अट मी खोडली आहे. पायल आली तरी घर तिचे, न आली तरी तिचेच.

नागपूर, ९ नोव्हेंबर २०२५
(सही) संघपाल रामाजी मेश्राम

आमच्यादेखत सही केली:
१. डॉ. अरुंधती पाटणकर, शेजारी
२. वंदना गजभिये, बहीण. कलम चारमधली अट माझ्यासमोरच खोडली. बाबा शब्दकोश घेऊन आले तवा दार मीच उघडलं होतं. बरं केलं गा, दादा.