पाहुण्यांची बशी

रोसेंदाताई,

नाताळच्या आदल्या दिवशी तू इलोइलोला उतरशील, म्हणून मँगो फ्लोट रचून ठेवलाय. बिस्किटांचा थर, वर क्रीम, वर आंबा, पुन्हा बिस्किटं. बिस्किटं तू मिलानहून पाठवलेल्या खोक्यातली. आंबे आपल्याच झाडाचे. अवेळी मोहर यावा म्हणून बाबांनी झाडाखाली धुरी पेटती ठेवली, आणि अजून खोकतायत.

थर तुझ्या लिवायने लावले. तू कामाला मिलानला गेलीस तेव्हा रांगत होती. आता माझ्यापेक्षा हलका हात आहे तिचा. मला आई म्हणते, तुला मावशी. फोनवर ते ऐकून तू रडलीस आणि पुढच्या खोक्यात तिला महागाचे बूट पाठवलेस. ते तिला लहान झाले.

डबा फ्रीजरमध्ये ठेवल्यावर तिने काचेच्या कपाटातली सोनेरी काठाची बशी काढली. चर्चचे फादर आणि परके पाहुणे सोडून त्या बशीत कुणी खाल्लेलं नाही, हे तुला ठाऊक आहे.

"ही कुणाला गं?" मी विचारलं.

"मावशींना. त्यांना आपल्या टवका उडालेल्या बशीत कसं द्यायचं? त्या किती दिवस राहणारेत, आई?"

मी तिला अडवलं नाही. बशी पुसून दिली.

हे पत्र मी पोस्टात टाकणार नाही. बशीचं आधी कळलं तर तू विमानातच रडून मोकळी होशील. मला ते रडणं जेवणाच्या टेबलावर, सगळ्यांसमोर बघायचंय.

तुझ्या मुलीची आई,
पेर्ला